वळणे आणि अंतर : एका शाब्दिक उदाहरणाचे अध्यापन

दिशा, वळण आणि अंतर यांवरील शाब्दिक उदाहरणे शिष्यवृत्ती परीक्षेची तयारी करविणाऱ्या प्रत्येक शिक्षकाच्या परिचयाची आहेत. मुलगा उत्तरेकडे तोंड करून उभा असतो, काही अंतर चालतो, उजव्या किंवा डाव्या हाताला वळतो, पुन्हा चालतो. आणि शेवटी तो कोठे पोहोचला अथवा किती चालला, हे विचारलेले असते. वळण काटकोनाचे असेल तोवर मुले बोटाने हवेत आकृती काढून उत्तर शोधतात. वळण चाळीस किंवा छत्तीस अंशांचे झाले की हे साधन अपुरे पडते. मग मूल दिसेल त्या आकड्याने दिसेल त्या आकड्याला भागू लागते. या लेखात अशा एका उदाहरणाचा विचार मुळापासून केला आहे. उदाहरण असे :

"एक मुलगी मैदानातील एका खुणेपासून सरळ ६ मीटर चालते आणि डाव्या हाताला ४० अंशांनी वळते. पुन्हा सरळ ६ मीटर चालते आणि पुन्हा डाव्या हाताला ४० अंशांनी वळते. असाच क्रम तिने चालू ठेवला, तर पहिल्या खुणेवर परत येईपर्यंत ती एकूण किती मीटर चालेल?"

उत्तर दोन ओळींत संपते. ३६० ÷ ४० = ९; ९ × ६ = ५४ मीटर. परंतु या दोन ओळी फळ्यावर लिहून दिल्याने उदाहरण शिकविले गेले असे होत नाही. त्यांत तीन प्रश्न झाकलेले आहेत. ३६० ही संख्या उदाहरणात कोठेच नसताना ती कोठून आली? दिलेले ४० अंश हा नेमका कोणता कोन? आणि मुलीचे तोंड पुन्हा पहिल्या दिशेला झाले म्हणजे ती पहिल्या जागीही आली, हे कशावरून? या तीन प्रश्नांची उत्तरे ज्या मुलाला मिळाली, त्याला आपले उत्तर बरोबर की चूक हे स्वतः तपासता येते. ज्याला केवळ भागाकार सांगितला, तो आकडे बदलताच पुन्हा शिक्षकाच्या तोंडाकडे पाहू लागतो.

वळणाचा कोन आणि कोपऱ्याचा कोन

बहुतेक चुकांचे मूळ एका शब्दात आहे. तो शब्द म्हणजे 'वळणे'. पुस्तकातील कोन मुलाने दोन भुजांमध्ये, आकृतीच्या आत पाहिलेला असतो. त्यामुळे "४० अंशांनी वळली" असे वाचताच ते कोपऱ्यात आतल्या बाजूला ४० अंशांचा अणकुचीदार कोन काढते. उदाहरणातील मुलगी मात्र तशी चालत नाही. ती कोपऱ्यावर पोहोचते तेव्हा तिचे तोंड पुढे असते. ती वळली नसती तर त्याच रेषेत पुढे गेली असती. ती सरळ पुढे जाणारी न चाललेली वाट आणि आता धरलेली नवी वाट, या दोहोंमधील कोन ४० अंशांचा आहे. जुनी चाललेली वाट आणि नवी वाट यांच्यामधील कोन १८० − ४० = १४० अंशांचा होतो. पहिल्याला बाह्यकोन म्हणतात, दुसऱ्याला आंतरकोन.

खेड्यातील मुलाला हा भेद समजाविण्यासाठी रस्त्याचा दाखला पुरेसा आहे. सरळ रस्त्यावर वळण शून्य अंशांचे असते, पण रस्त्याच्या मागच्या आणि पुढच्या भागांतील कोन १८० अंशांचा असतो. रस्ता किंचित वाकला की वळण लहान आणि कोन मोठा. घाटातील तीव्र वळणावर गाडी जवळजवळ आल्या दिशेला तोंड करते. तेथे वळण मोठे आणि कोन लहान. नांगराचे बैल तासाच्या टोकाला पोहोचून उलट फिरतात, तेव्हा ते १८० अंशांनी वळतात. "वळण जितके मोठे, तितका कोपरा अणकुचीदार" हे एक वाक्य मुलांच्या तोंडी बसले, की पुढची वाट पुष्कळ सुकर होते.

अंगणातील पाठ

हा पाठ प्रथम फळ्यावर घेऊ नये, अंगणात घ्यावा. साहित्य थोडे लागते : सुतळी, चार-सहा खुंट्या, मैदान आखण्याची फक्की, आणि पुठ्ठ्याचा एक मोठा अर्धवर्तुळाकार कोनमापक. कंपासपेटीतील कोनमापक पुठ्ठ्याच्या कडेच्या मध्यावर ठेवून दर दहा अंशांवर खूण करावी व मध्यबिंदूपासून त्या खुणांतून जाणाऱ्या रेषा पुठ्ठ्याच्या कडेपर्यंत वाढवाव्यात. अर्धवर्तुळाची त्रिज्या ३० सेंटिमीटर असली म्हणजे जमिनीवर वाचन सोईचे होते.

पहिली पायरी. मुलांना शाळेच्या इमारतीभोवती एक फेरी मारावयास सांगावे. इमारत आयताकृती असेल तर कोपरे चार, आणि प्रत्येक कोपऱ्यावर वळण काटकोनाचे. चौथ्या कोपऱ्यावर वळल्यावर तोंड पुन्हा आरंभीच्या दिशेला येते. आता त्याच मुलाला एका जागी उभे राहून तीच चार वळणे घ्यावयास सांगावे. तो स्वतःभोवती एक पूर्ण फेरा घेतो. इमारत मधून काढून टाकली तरी वळणांची बेरीज तीच राहते, हे मुलांना येथे डोळ्यांनी दिसते. पूर्ण फेरा म्हणजे ३६० अंश; उदाहरणात न लिहिलेली संख्या येथून आली.

दुसरी पायरी. जमिनीवर समभुज त्रिकोण आखावा. मुलाला एका भुजेच्या मध्यावर उभे करून त्रिकोणावरून चालवावे, म्हणजे तिन्ही कोपरे त्याच्या वाटेत येतात. प्रत्येक कोपऱ्यावर किती वळलास, असे विचारताच "साठ अंश" हे उत्तर हमखास येईल. ते लगेच चूक म्हणू नये. तीन वेळा साठ म्हणजे १८०. म्हणजे मुलगा फक्त उलटे तोंड करून उभा राहावयास हवा. परंतु तो तर आरंभीच्या दिशेला तोंड करून उभा आहे. ही विसंगती मुलांनाच सोडवू द्यावी. भुजेच्या रेषेत पुढे सुतळी ताणली, की खरे वळण १२० अंशांचे आहे हे दिसते, आणि ३ × १२० = ३६० हा हिशेब जमतो. पुढे असमान भुजांचा त्रिकोण घ्यावा. तिन्ही वळणे वेगवेगळी निघतील, पण बेरीज ३६० अंशांच्या आसपास येईल. याचे कारणही सोपे आहे. प्रत्येक कोपऱ्यावर वळण आणि आंतरकोन मिळून १८० होतात; तीन कोपऱ्यांचे मिळून ५४०; त्यांतून आंतरकोनांचे १८० वजा केले की ३६० उरतात.

तिसरी पायरी. आता मूळ उदाहरण घ्यावे. उदाहरणात चाल ६ मीटरांची आहे. ती तशीच घेतल्यास आकृती सुमारे साडेसतरा मीटर रुंद होते आणि लहान अंगणात मावत नाही. म्हणून चाल २ मीटरांची घ्यावी. मग सुमारे सहा मीटर रुंदीची जागा पुरते. चाल बदलली तर चालींची संख्या बदलेल का, हा प्रश्न आधी विचारून ठेवावा. तिचे उत्तर अंगणच देईल.

चार मुलांचा एक गट करावा. एकाने चालावे, दुसऱ्याने सुतळी धरावी, तिसऱ्याने कोनमापक ठेवावा, चौथ्याने टिपून घ्यावे. चाल संपल्यावर सुतळी त्याच रेषेत पुढे ताणावी, कोनमापकाचा मध्य खुंटीवर ठेवावा, आणि पुढच्या सुतळीपासून डाव्या हाताला ४० अंश मोजावेत. चाललेल्या वाटेपासून मोजू नयेत. सारी गफलत येथेच होते. टिपणाऱ्याने प्रत्येक वळणानंतर दोन बेरजा लिहाव्यात : एकूण अंतर आणि एकूण वळण. एकूण वळण ४०, ८०, १२०, १६०, २००, २४०, २८०, ३२० आणि ३६० असे वाढत जाईल. चौथ्या वळणानंतर मुलीचे तोंड जवळजवळ उलट झालेले असते आणि पाचव्यानंतर ती परतीच्या वाटेला लागते. हे सारणीत वाचण्यापूर्वी मुलांनी मैदानावर पाहिलेले असते, ही या पाठाची खरी कमाई आहे.

नवव्या चालीच्या अखेरीस मुलगा पहिल्या खुणेवर येतो. येथे एक बारकावा सांभाळावा. तो खुणेवर पोहोचतो तेव्हा चाली नऊ झालेल्या असतात, पण वळणे आठच. नववे वळण तो खुणेवर उभा राहून घेतो आणि त्यानंतर त्याचे तोंड आरंभीच्या दिशेला येते. अंतराच्या प्रश्नात चाली मोजावयाच्या असतात, हे स्पष्ट सांगावे. नाहीतर काही मुले आठ चाली धरून ४८ मीटर असे उत्तर देतात.

पाठात आकृती अगदी नेमकी जुळेल अशी अपेक्षा ठेवू नये. प्रत्येक वळणावर केवळ एक अंश जादा घेतला गेला, तर २ मीटरांच्या नऊ चालींनंतर मुलगा खुणेपासून सुमारे ४५ सेंटिमीटर दूर राहतो. अशा वेळी "तुमचे चुकले" म्हणून पाठ मोडू नये. उलट, एकूण किती अंश जास्त वळले गेले, ते विचारावे. लहान चूक पुन्हा पुन्हा केली की ती साठत जाते, ही मोजमापाची एक महत्त्वाची शिकवण त्याच ठिकाणी पदरात पडते.

शिक्षकासाठी उपपत्ती

तिसरा प्रश्न अजून राहिला. तोंड पहिल्या दिशेला आले म्हणून जागाही पहिलीच आली, हे आपोआप सिद्ध होत नाही. सरळ रस्त्याने चालणाऱ्या माणसाचे तोंड सदैव एकाच दिशेला असते, पण तो जागेवर परत येत नाही. म्हणून शिक्षकाजवळ पुरावा असावा. वरच्या वर्गातील हुशार मुलांनाही तो समजेल.

मुलीच्या वाटेवरील लागोपाठचे चार बिंदू अ, ब, क, ड असे समजा. अब, बक, कड या चाली समान आहेत आणि ब व क येथील आंतरकोन प्रत्येकी १४० अंशांचे आहेत. या दोन कोनांचे दुभाजक काढा. ते म या बिंदूत मिळतात. त्रिकोण मबक मध्ये ब व क येथील कोन प्रत्येकी ७० अंशांचे झाले. म्हणून मब आणि मक समान आहेत आणि म येथील कोन १८० − १४० = ४० अंशांचा आहे.

आता त्रिकोण मबअ आणि मबक पाहा. बअ व बक समान, मब सामाईक, आणि ब येथील दोन्ही कोन ७० अंशांचे. म्हणून दोन्ही त्रिकोण एकरूप आहेत. मअ व मक समान आणि म येथील कोन पुन्हा ४० अंशांचा. हाच न्याय त्रिकोण मकड ला लागू पडतो आणि तो असाच पुढे पुढे नेता येतो. याचा अर्थ असा की, मुलगी थांबते ते सर्व बिंदू म पासून सारख्याच अंतरावर, म्हणजे एकाच वर्तुळावर आहेत, आणि प्रत्येक चालीने ती त्या वर्तुळावर बरोबर ४० अंश पुढे सरकते. आठ चालींनी ती ३२० अंश सरकली. अजून परत आली नाही. नऊ चालींनी ३६० अंश सरकली. म्हणजे नेमकी आरंभीच्या बिंदूवर आली. चालीची लांबी या युक्तिवादात कोठेच आली नाही. म्हणून २ मीटरांच्या चालीनेही चाली नऊच होतात. चालीवर अवलंबून असते ते फक्त एकूण अंतर.

या पुराव्यासाठी दोन अटी आवश्यक आहेत : सर्व चाली समान हव्यात, आणि सर्व वळणे समान व एकाच हाताला हवीत. मुलगी एकदा डावीकडे आणि एकदा उजवीकडे ४० अंशांनी वळत राहिली, तर तिची वाट नागमोडी पुढेच जाईल आणि ती कधीही परत येणार नाही. उदाहरण वाचताना "डाव्या हाताला" या शब्दांखाली मुलांकडून रेघ मारून घ्यावी.

वळण ३६० ला निःशेष भागत नसेल तर

समजा, वळण १४४ अंशांचे आहे आणि चाल ६ मीटरांचीच. ३६० ÷ १४४ = अडीच. अडीच चालींनी कोणी जागेवर परत येत नाही; कारण मुलगी वळते ती चाल पूर्ण झाल्यावरच. म्हणून अशी पूर्ण संख्या हवी की तितकी वळणे मिळून पूर्ण फेरे व्हावेत. १४४, २८८, ४३२, ५७६, ७२०. पाचव्या वळणाला ७२० अंश, म्हणजे बरोबर दोन फेरे होतात. मुलगी पाच चालींनी परत येते आणि ३० मीटर चालते. तिची वाट फक्कीने आखली तर तिच्या भुजा एकमेकींना छेदतात आणि पंचकोनी चांदणी उमटते. मुलांच्या आनंदाला त्या वेळी पारावार राहत नाही, आणि ती चांदणी त्यांनी हिशेबाने मिळविलेली असते.

येथे अंकगणित भूमितीच्या मदतीला येते. ७२० हा ३६० आणि १४४ यांचा लघुतम साधारण विभाज्य आहे. म्हणून सर्वसाधारण रीत अशी : ३६० आणि वळणाचे अंश यांचा लसावि काढावा. त्याला वळणाने भागले की चालींची संख्या येते. ३६० ने भागले की फेऱ्यांची संख्या येते. वळण १०० अंशांचे असेल तर लसावि १८००. चाली १८ आणि फेरे ५. चालींची संख्या दुसऱ्या रीतीनेही मिळते : ३६० ला मसाविने भागावे. १०० व ३६० यांचा मसावि २०, आणि ३६० ÷ २० = १८. वळण ७ अंशांचे असेल तर मसावि १ आहे, म्हणून ३६० चाली लागतील. यावरून एक सुंदर गोष्ट निघते. वळण एकाच हाताला, ३६० पेक्षा कमी अशा कोणत्याही पूर्ण अंशांचे असो, मुलगी फार तर ३६० चालींत परत येतेच. लसावि कशासाठी शिकावयाचा, या मुलांच्या प्रश्नाला याहून चांगले उत्तर मिळणे कठीण.

१४४ ही संख्या दुसऱ्याही कारणासाठी हाताशी ठेवावी. "प्रत्येक कोपऱ्याचा कोन १४४ अंशांचा" असे म्हटले, तर वळण ३६ अंशांचे होते. मग चाली दहा, आकृती दशकोनी आणि अंतर ६० मीटर. "प्रत्येक कोपऱ्यावर १४४ अंशांनी वळली" असे म्हटले, तर चाली पाच, आकृती चांदणी आणि अंतर ३० मीटर. आकडा एकच, वाक्य दोन, उत्तरे दोन. ही दोन उदाहरणे फळ्यावर शेजारी शेजारी लिहावीत. गणिताच्या तासाला भाषा नीट वाचावी लागते, याचे याहून स्वच्छ प्रमाण नाही.

या विचाराची परंपरा

पूर्ण फेऱ्याचे ३६० भाग करण्याची पद्धत प्राचीन बाबिलोनमधील साठाच्या गणनेतून आली. ३६० ला २४ संख्यांनी निःशेष भाग जातो, म्हणून ही संख्या सोईची ठरली आणि आपल्या उदाहरणांनाही ती सोईची आहे. त्रिकोणाच्या तीन कोनांची बेरीज दोन काटकोन असते, हा सिद्धांत युक्लिडच्या पहिल्या पुस्तकात आहे. इसवी सनाच्या पाचव्या शतकातील त्याचा भाष्यकार प्रोक्लस याने त्यावरून पुढे दाखविले की, कोणत्याही सरळरेषी आकृतीचे बाह्यकोन मिळून चार काटकोन होतात. आपल्या अंगणातील फेरी तीच आहे. चांदणीसारख्या स्वतःला छेदणाऱ्या आकृतींचा अभ्यास इंग्लंडमध्ये चौदाव्या शतकात टॉमस ब्रॅडवर्डिन याने केला, आणि खगोलशास्त्रज्ञ केप्लर याने १६१९ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात त्यांचा विचार केला.

आपल्या काळात या कल्पनेला नवे रूप मिळाले. १९६७ साली अमेरिकेत वॉली फॉयर्झिग, सीमोर पेपर्ट व सिंथिया सॉलोमन यांनी मुलांसाठी 'लोगो' नावाची संगणकभाषा तयार केली. पुढे तिच्यात एका कासवाला "इतके पुढे जा", "इतके अंश वळ" अशा आज्ञा देऊन चित्र काढण्याची सोय झाली. पेपर्ट हे जिनिव्हा येथे मानसशास्त्रज्ञ पियाजे यांच्यासमवेत काम केलेले गणिती होते. १९८० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या पुस्तकात त्यांनी असे मांडले की, मूल स्वतःला कासवाच्या जागी ठेवते, आपल्या शरीराने वळून पाहते, आणि म्हणून ही भूमिती त्याला आपली वाटते. कासव फिरून मूळ जागी व मूळ दिशेला आले, तर त्याच्या वळणांची बेरीज पूर्ण फेऱ्यांइतकी असते, हा त्या पद्धतीचा पायाभूत नियम आहे. ज्या शाळेत संगणक आहे तेथे मुलांना हे कासव जरूर दाखवावे. जेथे नाही, तेथे काही अडत नाही. अंगण आहे, सुतळी आहे, आणि कासवाचे काम करावयास मुले उत्सुक आहेत.

नेहमीच्या चुका आणि त्यांवरील उपाय

एक. दिलेले ४० अंश आंतरकोन समजून १८० − ४० = १४० काढणे आणि ३६० ला १४० ने भागू लागणे. भाग जात नाही, म्हणून मूल गोंधळते. उपाय : त्याला उठवून उभे करावे आणि ४० अंश वळावयास सांगावे. काटकोनाच्या निम्म्याहूनही थोडे कमी, इतकेच त्याला वळावे लागते. मग आकृतीतील अणकुचीदार कोपरा ते स्वतःच खोडते.

दोन. आंतरकोन १४० बरोबर काढून, सुसम बहुभुजाकृतीच्या कोनांचे सूत्र लावणे. भुजा न मानल्यास (न − २) × १८० = १४०न; यावरून ४०न = ३६० आणि न = ९. ही रीत शुद्ध आहे आणि तिला पूर्ण गुण द्यावेत. मात्र ४०न = ३६० ही ओळ दाखवून विचारावे : "ही ओळ काय सांगते?" नऊ वळणे मिळून एक फेरा, हेच ती सांगते. लांबच्या वाटेने आलेल्या मुलाला जवळची वाट अशी दाखविता येते.

तीन. ३६० × ६ किंवा ४० × ६ असे गुणाकार करणे. येथे अंश आणि मीटर ही दोन वेगळी परिमाणे एकत्र आली आहेत. अंशांवरून केवळ चालींची संख्या ठरते, मीटरांवरून अंतर. हे दोन रकान्यांत वेगळे लिहावयास लावावे.

चार. अपूर्णांक आला असता तो जवळच्या पूर्णांकात बदलणे, जसे अडीचचे तीन. उपाय : तीन चाली प्रत्यक्ष चालवून पाहाव्यात. मुलगा खुणेवर येत नाही, यापेक्षा मोठा पुरावा नको.

फळ्यावरील मांडणी

मुलांच्या वहीत उत्तर चार ओळींत असावे. पहिली ओळ : वळण ४० अंश, एकाच हाताला. दुसरी : पूर्ण फेरा ३६० अंश; ३६० ÷ ४० = ९ चाली. तिसरी : अंतर ९ × ६ = ५४ मीटर. चौथी : पडताळा, ९ × ४० = ३६०. चौथी ओळ कधीही गाळू देऊ नये. परीक्षेच्या खोलीत मुलाजवळ शिक्षक नसतो. तेथे ही ओळच त्याची सोबत करते.

सरावासाठी उदाहरणे

१. चाल १० मीटर, वळण ४५ अंश. परत येईपर्यंत अंतर किती? मुलगी प्रथम बरोबर उलट तोंड करील तेव्हा किती चाललेली असेल?

२. एक मुलगा एका फेऱ्यात १२ चालींनी परत आला आणि एकूण ६० मीटर चालला. वळण किती? चाल किती?

३. चाल ८ मीटर. प्रत्येक कोपऱ्याचा आंतरकोन १२० अंश. अंतर किती?

४. चाल ४ मीटर. एकदा वळण ६० अंश, दुसऱ्यांदा वळण १२० अंश. दोन्ही अंतरे काढा व आकृत्यांची नावे सांगा.

५. चाल ५ मीटर, वळण १३५ अंश. अंतर किती? फेरे किती?

६. मूळ उदाहरणातील मुलगी, ४० अंशांनी वळत असता, कधी बरोबर उलट दिशेला तोंड करील काय?

उत्तरे : (१) ८० मीटर, ४० मीटर. (२) ३० अंश, ५ मीटर. (३) ४८ मीटर. (४) २४ मीटर, सुसम षटकोन. १२ मीटर, समभुज त्रिकोण. (५) ४० मीटर, ३ फेरे. (६) नाही, तिच्या दिशा १६० वरून एकदम २०० वर जातात, आणि नऊ चालींनंतर पुन्हा त्याच दिशा येतात.

ही उदाहरणे संपल्यावर प्रत्येक मुलाकडून एक नवे उदाहरण करवून घ्यावे आणि ते शेजारच्या मुलाला सोडवावयास द्यावे. उदाहरण करताना कोणते वळण निवडावे, हे ठरविण्यासाठी मुलाला ३६० चे विभाजक आठवावे लागतात. आपले उदाहरण सुटत नाही अशी तक्रार शेजाऱ्याने केली, तर दोघांनी मिळून अंगणात जावे आणि चालून पाहावे. त्या वेळी शिक्षकाने बाजूला उभे राहणे पुरेसे आहे.